सुरतेचा तह आणि लालसोटची माघार

कर्तबगार माणसाला अपयश आले म्हणजे आपल्या समाजात त्याची दोन कारणे ठरलेली असतात. घरची माणसे म्हणतात, ग्रह फिरले. बाहेरची म्हणतात, मुळात कर्तबगारी नव्हतीच, सारा डामडौल होता. पहिल्या उत्तराने मनाला थोडा विसावा मिळतो, दुसऱ्याने शेजाऱ्यांना थोडे समाधान मिळते; परंतु ज्याच्यावर प्रसंग गुदरला आहे त्याच्या हाती या दोहोंतून काहीच लागत नाही. नालायक माणूस का पडला, हे कोणालाही सांगता येईल. लायक माणूस का पडतो, हा खरा विचार करण्याजोगा प्रश्न आहे.

सुरतेत राहणाऱ्या मराठी माणसाला या प्रश्नासाठी फार लांब जावे लागत नाही. शिवछत्रपतींच्या 1664 आणि 1670 च्या स्वाऱ्यांमुळे सुरतेचे नाव मराठी मुलाला शाळेतच पाठ होते. तापीकाठी चौक बाजाराला लागून असलेला जुना किल्ला दाखवताना आपणही पाहुण्यांना तीच हकीकत मोठ्या हौसेने सांगतो. पण त्यानंतर सुमारे शतकाने याच शहराच्या नावाचा एक तह झाला, त्याची आठवण आपण सहसा काढीत नाही. 6 मार्च 1775 रोजी रघुनाथ बाजीराव, म्हणजे आपला राघोबादादा, याने मुंबईकर इंग्रजांशी केलेला तो सुरतेचा तह. शाळेत आपण त्याची कलमे घोकली आणि परीक्षेनंतर विसरून गेलो. कलमे विसरली तरी हरकत नाही. ती लिहून देणारा माणूस मात्र विसरण्यासारखा नाही.

राघोबादादाची आठवण या महिन्यात होण्याचे कारण एका वाचक भगिनीचे पत्र हे आहे. नावगाव आम्ही देत नाही आणि तपशीलही थोडा बदलला आहे. त्यांचे कुटुंब तीन पिढ्यांपासून सुरतेत आहे. मुलगा अभियंता, शाळेपासून पहिल्या दोघांत. चांगली नोकरी सोडून त्याने भरतकामाची यंत्रे घेतली, पहिली चार वर्षे धंदा नजर लागावी असा चालला, आणि पाचव्या वर्षी सारे कोसळले. यंत्रे विकली गेली, भागीदार वेगळा झाला, कर्ज उरले. गेले आठ महिने मुलगा घरात आहे. कोणाच्या लग्नामुंजीला जात नाही, जुन्या कारागिरांचे फोन घेत नाही. मात्र रोज कोठल्या तरी नव्या सावकाराची, नव्या भागीदाराची, नव्या योजनेची कागदे मांडून बसतो. माउली लिहितात, “तो हुशार आहे हो, मग असे कसे झाले? आणि आता आम्ही त्याच्याशी बोलावे तरी काय?”

पत्र दोनदा वाचले. “नव्या भागीदाराची कागदे” या शब्दांपाशी आम्ही थबकलो, आणि दादाच डोळ्यांपुढे उभा राहिला.

राघोबादादा कर्तबगार नव्हता असे त्याच्या शत्रूंनीही म्हटलेले नाही. पहिल्या बाजीरावाचा हा धाकटा मुलगा 1734 साली माहुलीस जन्मला. विशी ओलांडली नाही तोच उत्तरेच्या मोहिमेचे नेतृत्व त्याच्याकडे आले, आणि वयाच्या चोविसाव्या वर्षी, 1758 च्या एप्रिलमध्ये, तो लाहोरात होता. ‘अटकेपार झेंडे’ हा शब्दप्रयोग त्याच मोहिमेने मराठीला दिला. (इतिहासाचे बारकावे पाहणाऱ्यांसाठी एक कंसातली गोष्ट: दादा स्वतः लाहोराहून मागे फिरला, अटकेपर्यंत पोहोचले ते त्याने मागे ठेवलेले सरदार. पण मोहीम त्याची होती, आणि श्रेय द्यायला कोणाची हरकत नसावी.) हिंदुस्थानातील त्या काळच्या किती सेनापतींना चोविसाव्या वर्षी असे यश लाभले होते?

परंतु या मोहिमेची दुसरी बाजू पुण्यास वहीत दिसली. पराक्रम मोठा, पण दादा परतला तो लाखोंचे कर्ज करून. हिशेबाचा प्रश्न काढला तो चुलतभाऊ सदाशिवरावभाऊने, आणि त्यावरून दोघांत जे बिनसले ते पुन्हा सांधले नाही. येथे आम्हांला दादाच्या पुढच्या साऱ्या आयुष्याची किल्ली सापडते असे वाटते. भाऊ जे विचारीत होता ते अपमानासाठी नव्हते. मोहीम जिंकूनही दौलतीला कर्ज का झाले, हा प्रश्न कोणत्याही शहाण्या कारभाऱ्याने विचारलाच असता. दादाने प्रश्न ऐकलाच नाही, त्याला फक्त प्रश्नामागचा अविश्वास ऐकू आला. हुशार माणसाची पहिली ठेच पुष्कळदा अशीच असते. पराजयात दोष शोधायला सगळे तयार असतात. विजयातला दोष दाखवणारा मात्र मत्सरी ठरतो, आणि दोष तसाच पुढे चालत राहतो.

1761 च्या जानेवारीत पानिपत झाले, जूनमध्ये नानासाहेब गेले, आणि सोळा वर्षांचा माधवराव पेशवा झाला. दादा तेव्हा सव्वीस-सत्तावीस वर्षांचा, घरातला ज्येष्ठ पुरुष, नामांकित सेनापती. पुतण्याच्या हाताखाली त्याने राहावे ही अपेक्षा सोपी नव्हती, हे आपण मान्य केले पाहिजे. 1762 मध्ये चुलत्या-पुतण्यांत लढाई जुंपली, आणि घर फुटू नये म्हणून आळेगावास माधवराव आपण होऊन चुलत्याच्या छावणीत गेला. सतरा वर्षांच्या पोराने पत्करलेली ती शरणागती पाहून दादाच्या भोवतालच्या मंडळींनी विजयाचे नगारे वाजवले असतील. पुढच्याच वर्षी, 10 ऑगस्ट 1763 रोजी, राक्षसभुवनला निजामाच्या सैन्याने दादाला घेरले तेव्हा त्याला सोडवायला धावून आला तो हाच पुतण्या. त्या दिवसापासून कारभाराची सूत्रे कोणाच्या हाती गेली हे सांगायला नको. आळेगावला कोण हरले आणि कोण शिकले, याचा निकाल अवघ्या एका वर्षात लागला.

दादा मात्र शिकला नाही. 1768 साली धोडपला पुतण्याविरुद्ध पुन्हा लढला, पुन्हा हरला आणि शनिवारवाड्यात नजरकैदेत पडला. 1772 साली माधवराव थेऊरला वारला. 30 ऑगस्ट 1773 रोजी शनिवारवाड्यात नारायणरावाचा खून झाला. ‘ध’ चा ‘मा’ केल्याची कथा सर्वांना ठाऊक आहे. तिच्या खरेखोटेपणात येथे शिरत नाही. रामशास्त्र्यांनी दादाला दोषी धरले, हे पुरे आहे. पेशवाईची वस्त्रे त्याला मिळाली खरी, पण ज्या खुर्चीसाठी बारा वर्षे धडपड केली तिच्यावर बसल्यावर सभोवार पाहतो तो विश्वासाचे माणूस नाही. बारभाईंनी कट केला तो त्याच्या पाठीमागे, आणि त्यांत त्याचा जुना सल्लागार सखारामबापूही होता.

आता सुरतेकडे वळू. 1774 च्या मार्चमध्ये कासेगावला दादाने बारभाईंच्या त्र्यंबकराव पेठ्यांचा पराभव केला होता. पुण्याचा रस्ता मोकळा होता. तो पुण्यास गेला नाही. उत्तरेकडे निघाला, कोणाची तरी मदत मिळवायला! तलवारीने मिळवलेले तेवढे स्वतःचे असताना या माणसाला ते पुरेसे वाटेना. पत्नी आनंदीबाई गरोदर होती. तिला धारच्या किल्ल्यात ठेवून तो गुजरातेत उतरला. 1775 च्या जानेवारीत तिकडे धारला त्याला मुलगा झाला (तोच पुढचा दुसरा बाजीराव), आणि फेब्रुवारीत इकडे महीच्या काठी हरिपंत फडक्यांनी त्याच्या फौजेची दाणादाण उडवली. खंबायत, तेथून भावनगर, तेथून गलबताने सुरत, असा चाळीस वर्षांचा हा अटकेपारचा सेनापती आपल्या शहरात उतरला. सुरतेच्या किल्ल्यावर 1759 पासून इंग्रजांचा ताबा होता.

तहात काय होते? इंग्रजांनी अडीच हजार फौज द्यायची आणि तिचा खर्च म्हणून दादाने दरमहा दीड लाख भरायचे. रोख नव्हते, म्हणून सहा लाखांचे जवाहीर गहाण पडले. शिवाय वसई आणि साष्टी द्यायची. वसई म्हणजे 1739 साली दादाच्याच चुलत्याने, चिमाजी आप्पाने, केवढ्या रक्ताच्या मोलाने घेतलेला किल्ला! बोलणी सुरू झाली तेव्हा दादाने हीच दोन ठिकाणे द्यायला साफ नकार दिला होता. पुढे अडचण वाढत गेली तशी नकाराची किंमत कमी होत गेली. आणि साष्टीची गंमत अशी की इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला 1774 च्या डिसेंबरातच लढून घेतला होता. म्हणजे ज्यांनी आपले घर आधीच बळकावले, त्यांनाच ते लिहून देऊन दादाने त्यांची मदत विकत घेतली. आपल्या बाजारातला साधा दलालसुद्धा असा सौदा करणार नाही. पण सौदा करणारा जेव्हा घाबरलेला असतो आणि घाबरल्याचे कबूल करू शकत नसतो, तेव्हा भलेभले असेच सौदे करतात.

पुढची हकीकत थोडक्यात सांगतो. मे महिन्यात अडासला लढाई झाली. इंग्रज जिंकले, पण माणसे बरीच खर्ची पडली. कलकत्त्याच्या वरिष्ठांनी मुंबईकरांचा तह नामंजूर केला आणि 1 मार्च 1776 रोजी पुरंदरचा वेगळा तह झाला: दादाने कोपरगावास राहावे, वर्षाला तीन लाखांच्या आसपास नेमणूक घ्यावी. दादाने हे झिडकारले. तीन वर्षांनी, 1779 च्या जानेवारीत, इंग्रज त्याला घेऊन बोरघाट चढून आले आणि वडगावला कोंडीत सापडले. दादा महादजी शिंद्याच्या स्वाधीन झाला. झाशीकडे नेत असता नर्मदेच्या काठी पहाऱ्यावर हल्ला करून निसटला आणि पुन्हा कोठे आला? सुरतेस, गॉडर्ड साहेबाच्या छावणीत. अखेर 17 मे 1782 रोजी सालबाईचा तह झाला. दादाला काय मिळाले? दरमहा पंचवीस हजार रुपये. गुणाकार करून पाहा. वर्षाचे तीन लाखच होतात. मुक्कामही तोच, कोपरगाव. सहा वर्षांपूर्वी जे सन्मानाने मिळत होते तेच, मधल्या काळात हजारो माणसे मारून आणि साष्टी कायमची घालवून, पदरात पडले. 1783 च्या डिसेंबरात तेथेच तो वारला. वय एकोणपन्नास.

‘मराठी रियासत’ लिहिणारे गोविंद सखाराम सरदेसाई हे आपल्या शेजारचेच, म्हणजे बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या नोकरीतले. त्यांच्या ग्रंथात हा सारा काळ विस्ताराने आला आहे आणि ज्यांना सवड आहे त्यांनी तो अवश्य वाचावा. आम्हांला येथे एवढेच दाखवायचे आहे की दादाच्या प्रत्येक अपयशानंतरची पहिली हालचाल एकच होती: नवा मदतनीस शोधणे. प्रथम निजाम, मग भोवतालचे कारस्थानी, मग इंग्रज, आणि त्या इंग्रजांनी टाकून दिल्यावर पुन्हा इंग्रजच. ‘माझे काय चुकले’ या प्रश्नाची जागा ‘आता माझ्या बाजूला कोण’ या प्रश्नाने घेतली. अशा माणसाला नव्या भागीदाराची कागदे मांडून बसण्याशिवाय दुसरे काम उरत नाही.

आता त्याच काळातला दुसरा माणूस पाहा. महादजी शिंदे दादाहून वयाने थोडा मोठाच होता. त्याचा आरंभच अपयशाने झाला. एक भाऊ नागोरला मारला गेला, दुसरा दत्ताजी बुराडीच्या घाटात, आणि पानिपतावर तर घराण्याची वाताहत झाली. पळत असता पाठलाग करणाऱ्याने केलेल्या वाराने महादजीचा पाय जन्माचा अधू झाला. रणात पडलेल्या या जखमी तरुणाला राणेखान नावाच्या भिस्त्याने, म्हणजे पखालीने पाणी वाहणाऱ्याने, आपल्या बैलावर घालून दक्षिणेत सुखरूप आणले. पुढेही सरदारी लगेच चालून आली नाही. औरसपणाचा प्रश्न, घरातले दावेदार, दरबारातली खटपट, यांत सहा-सात वर्षे गेली, आणि खटपट करणाऱ्यांत खुद्द दादाचा कल दुसऱ्या दावेदाराकडे होता.

लोक महादजीचे नाव घेतात ते दिल्लीच्या बादशहाला मुठीत ठेवणारा म्हणून. आम्हांला तो अधिक आवडतो त्याच्या पराभवांत. 1780 च्या ऑगस्टमध्ये इंग्रजांनी रातोरात त्याचा ग्वाल्हेरचा अजिंक्य किल्ला घेतला. पुढच्या वर्षी त्याच्या छावणीवर छापा घातला. या माणसाने शत्रूची कवायती पायदळाची शिस्त काय करू शकते हे डोळ्यांनी पाहिले, ते मनाशी नोंदवले, वेळेवर तह केला, आणि सालबाईच्या तहात इंग्रज आणि पुणे या दोघांच्या मध्ये जामीन म्हणून तोच उभा राहिला. हरलेला मनुष्य हमीदार होतो, हे राजकारणात फार वेळा घडत नाही.

परंतु खरी परीक्षा झाली ती 1787 साली लालसोटला. तोवर महादजी वैभवाच्या शिखरावर होता. 1784 मध्ये बादशहाने वकील-इ-मुतलक हे सर्वाधिकाराचे पद दिले होते. पण अधिकार मोठा आणि तिजोरी रिकामी, अशी स्थिती होती. बादशाही पलटणी त्याच्या हुकमात आल्या खऱ्या, पण त्यांचे पगार थकलेले होते. जयपूरची तुंबलेली खंडणी वसूल करून पगार भागवावेत, या हिशेबाने तो राजपुतान्यात शिरला. जयपूर आणि जोधपूर एक झाले, जुलैच्या अखेरीस लढाई झाली, आणि लढाईत जे झाले नाही ते लढाईनंतर झाले: बादशाही पलटणी तोफांसह शत्रूला जाऊन मिळाल्या. कोठे एका चकमकीत मोड झाला असता तर भरून निघाला असता. येथे पायाखालची फळीच निघाली. अशा वेळी शौर्य दाखवून मरून जाणे सोपे असते आणि इतिहासात नावही होते. महादजीने माघार घेतली. पळापळ होऊ न देता, उरलेली फौज सांभाळीत तो मागे सरला. दिल्ली गेली, अजमीर गेले, अलीगड गेले. पुण्याकडे त्याने पत्रांवर पत्रे पाठवली; मदत निघायला आणि पोहोचायला फार उशीर लागला. भरतपूरच्या जाट राजाने आधार दिला. आग्र्याच्या किल्ल्यात लखबादादा लाड वेढ्यात अडकला होता. तो कित्येक महिने तो किल्ला झुंजवत बसला, कारण आपला धनी परत येईल याची त्याला खात्री होती. 1788 च्या जूनमध्ये आग्र्याचा वेढा उठला, ऑक्टोबरमध्ये दिल्ली हातात आली. मधल्या काळात गुलाम कादिराने वृद्ध बादशहाचे डोळे काढले होते. महादजीने त्याला पकडून शासन केले.

येथपर्यंत ही पुनरागमनाची नेहमीची गोष्ट वाटेल. आमच्या मते महत्त्वाचा भाग यापुढे आहे. दिल्ली परत मिळाल्यावर बहुतेक माणसे लालसोट विसरून गेली असती. महादजीने लालसोटचा हिशेब मांडला. त्या दिवशी आपल्याला सोडून गेले कोण? ज्यांचा पगार थकला होता आणि ज्यांचा धनी मुळात दुसराच होता, ते. टिकले कोण? त्यांत फ्रेंच-सावोय मुलखातून आलेल्या द ब्वान्यने तयार केलेल्या दोन पलटणी होत्या. शिकवलेल्या आणि एकाच्या हुकमात वागणाऱ्या. मग द ब्वान्यला पुन्हा बोलावून त्याच धर्तीवर मोठे दळ उभे करवले आणि मुख्य म्हणजे पगारासाठी दुआबातला मुलूख तोडून दिला. खंडणी वसूल झाली तर पगार, हा जुना प्रकार बंद झाला. 1790 च्या जूनमध्ये पाटणला आणि सप्टेंबरमध्ये मेडत्याला, म्हणजे लालसोटनंतर जेमतेम तीन वर्षांनी, त्याच राजपूत सत्तांविरुद्ध त्याने निर्णायक विजय मिळवले. शत्रू तेच होते, महादजीही तोच होता. पगाराची व्यवस्था तेवढी बदलली होती.

महादजी निर्दोष होता असे कोणी समजू नये. पुण्याशी त्याचे संबंध नेहमी सरळ राहिले नाहीत, होळकरांशी वैर वाढले, आणि राजपुतान्यात त्याच्या फौजांनी जी वसुली केली तिची आठवण तेथे अजूनही गोड नाही. आम्ही त्याची आरती ओवाळीत नसून एवढेच म्हणतो की मोडलेली वस्तू नेमकी कोठे मोडली हे पाहण्याची त्याला सवय होती.

ही सवय नुसत्या राजेरजवाड्यांची मिरास नव्हे. 1994 च्या सप्टेंबरात आपल्या सुरतेत प्लेगाची साथ आली तेव्हाचे दिवस चाळिशी ओलांडलेल्या वाचकांना आठवत असतील. रेल्वे स्टेशनवरची ती गर्दी, तोंडाला रुमाल बांधलेली माणसे, औषधांच्या दुकानांत न मिळणाऱ्या गोळ्या! हिरे आणि कापड यांनी देशभर नाव मिळवलेले, पैशाने भरलेले हे शहर दोन दिवसांत ओस पडू लागले. कर्तबगारांचे अपयश म्हणतात ते हेच. शहराला अक्कल कमी नव्हती, पैसा तर मुळीच कमी नव्हता. पुरानंतरचा कचरा उचलला जात नव्हता, एवढेच. तेव्हाही काहींनी बाहेरून आलेल्या गरीब मजुरांना दोष दिला, काहींनी दैवाला. 1995 साली एस. आर. राव आयुक्त म्हणून आले. त्यांनी शहराचे सहा विभाग केले, प्रत्येक विभागाच्या अधिकाऱ्याला निर्णयाचे अधिकार दिले आणि सर्व अधिकाऱ्यांना रोज सकाळी खोलीतून उठवून गल्लीत उभे केले. रात्री झाडलोट सुरू झाली. दीड-दोन वर्षांत स्वच्छ शहरांत सुरतेचे नाव घेतले जाऊ लागले. नवे शहर वसवावे लागले नाही. कचरा उचलावा लागला. 2006 च्या ऑगस्टमध्ये उकाईचे पाणी घराघरांत शिरले तेव्हा चिखल उपसून शहर किती लवकर उभे राहिले, हे तर पुष्कळांनी स्वतः फावडे हातात घेऊन पाहिले आहे.

आता पत्र लिहिणाऱ्या भगिनींसाठी. ताई, तुमच्या मुलाला सध्या धीराच्या चार शब्दांची गरज नाही असे नाही, पण ते त्याने पुष्कळ ऐकले असतील, आणि हुशार मुलांना कोरडा धीर लवकर टोचतो. “तू हुशार आहेस” हे तर काही दिवस अजिबात म्हणू नका. ज्याला लहानपणापासून हेच ऐकवले गेले, त्याला बुडालेला धंदा हा धंद्याचा निकाल वाटतच नाही, तो स्वतःचा निकाल वाटतो. आणि मग तो निकाल फिरवून घेण्यासाठी जास्त व्याजाचे पैसेही घेण्यास तयार होतो. सहा लाखांचे जवाहीर गहाण टाकणारा दादा मूर्ख नव्हता.

त्याऐवजी घरातल्या कोणा शांत माणसाने, आजोबा किंवा काका असतील तर त्यांनी, त्याच्याबरोबर जुन्या वह्या घेऊन बसावे. नवी कागदे काही काळ बासनात राहू द्यावीत. चार वर्षे धंदा चालला तेव्हाच्या वह्या आधी पाहाव्यात, पाचव्या वर्षाच्या नंतर. कारण आमचा अंदाज असा की भोक चांगल्या वर्षांतच पडलेले असेल. उधारी किती दिवसांची होती, माल घेणारे किती जण होते की एकाच व्यापाऱ्यावर सारी भिस्त होती, यंत्रांचा हप्ता नेहमीच्या महिन्यात निघत होता की फक्त दिवाळीच्या हंगामात, भागीदाराशी काही लेखी होते की नाही, हे सारे विचारावे. विचारताना सदाशिवरावभाऊचा प्रश्न विचारावा, पण त्याच्या सुरात विचारू नये. उत्तर सापडायला आठवडा लागेल, महिना लागेल. सापडले म्हणजे तुमच्या मुलाच्या चेहऱ्यावरून तुम्हांला कळेल; कारण ज्याला नाव देता येते त्या चुकीची भीती कमी होते. कर्ज तरीही फेडायचे आहेच. त्यासाठी दोन-तीन वर्षे त्याने दुसऱ्याच्या कारखान्यात नोकरी केली तर त्यात हलकेपणा नाही. महादजीनेही सरदारीची वाट पाहत दुसऱ्यांच्या तंबूत वर्षे काढली.

आणखी एक गोष्ट तुमच्या पत्रात होती. तुम्ही ती ओझरती लिहिली आहे, पण आम्हांला ती सर्वांत चिंतेची वाटली. तो जुन्या कारागिरांचे फोन घेत नाही. फोन करणारे येणे मागायलाच करतात असे कशावरून? ज्यांनी आपल्याला पडताना पाहिले त्यांच्यासमोर जाणे कठीण असते, हे खरे. दादाने तर आपल्याला पडताना पाहणाऱ्या प्रत्येकाला शत्रूच्या खात्यावर मांडले. राक्षसभुवनला ज्याने वाचवले त्या पुतण्यालाही. महादजीच्या पदरी मात्र पानिपतावरचा तो भिस्ती शेवटपर्यंत होता. धन्याची लंगडी अवस्था, त्याचे विव्हळणे, त्याची असहायता, सर्व ज्याने पाहिले होते अशा माणसाला दूर ठेवणे किती सोपे होते! महादजी त्याला भाई म्हणे. त्याने त्याला लष्करात चढवत नेले, आणि 1788 साली दिल्ली परत घेण्यासाठी जी फौज निघाली तिचा सेनापती राणेखानभाई होता.